इमामसाहेबांना आता रजा द्या

आमच्या विरार लोकलच्या डब्यात बावीस-तेवीस वर्षांचा जुना ग्रुप आहे. नालासोपाऱ्याहून आम्ही आधी उलटे विरारला जातो, जागा पकडतो आणि मग चर्चगेटकडे निघतो. बोरिवली येईपर्यंत दोन-तीन अभंग होतात. दसऱ्याला डबा सजतो. रमजानमध्ये परतीच्या गाडीत माझ्यासाठी कुणी ना कुणी खजूर आणतोच. या ग्रुपमध्ये मुसलमान मी एकटा. माझी दाढी पांढरी होऊ लागली, तेव्हापासून एक गंमत सुरू झाली. मी डब्यात शिरलो आणि बोलणं क्षणभर थांबलं, की एखादा मित्र आवाज थरथरवत 'शोले'तल्या त्या सन्नाट्याबद्दल विचारतो. सगळे हसतात. मीही हसतो. हसत आलो आहे.

त्या हसण्याची मला आता लाज वाटू लागली आहे. मित्रांवर माझा राग नाही. त्यांच्या मनात काळंबेरं असतं तर त्यांनी खजूर आणले नसते. राग आहे तो त्या इमामावर, त्याला उचलून धरणाऱ्या आपल्या देशावर आणि त्याहून जास्त आपल्या मोहल्ल्यावर. कारण 'शोले'मधल्या या आंधळ्या म्हाताऱ्याला आपण पन्नास वर्षं आपला वकील म्हणून मिरवलं. एकात्मतेची सभा असो, शांतता कमिटीची बैठक असो, ईद-मिलनाचा कार्यक्रम असो, कुणीतरी वक्ता उठतो आणि रामगढच्या इमामसाहेबांचा दाखला देतो. समोर बसलेले आपले बुजुर्ग माना डोलावतात. हा दाखला नक्की कशाचा आहे, हे कधी कुणी तपासलं आहे का?

ती भूमिका करणारे ए. के. हंगल हे मुसलमान नव्हते, हे आधी सांगून टाकतो, कारण माझ्या वडिलांना ते कितीतरी वर्षं मुसलमानच वाटत होते. पडद्यावर ते दिसले की अब्बा म्हणायचे, "ये अपना आदमी है." आमचे मराठी मित्र त्यांना गंगूबाई हंगलांच्या गावचे समजत. दोन्ही समज चुकीचे. अवतार किशन हंगल हे काश्मिरी पंडितांच्या घराण्यातले. जन्म सियालकोटचा, बालपण आणि तारुण्य पेशावरात. १९३० साली किस्सा ख्वानी बाजारात इंग्रजांनी निःशस्त्र जमावावर गोळ्या झाडल्या, तेच हे पेशावर. पुढे घर कराचीला हललं. पेशा शिंप्याचा. सरकारी नोकरीची परंपरा असलेल्या घरातल्या मुलाने कात्री हातात घेतली, आणि त्या कात्रीबरोबरच कम्युनिस्ट पक्षाचं कामही. फाळणी झाली तेव्हा हा माणूस कराचीत होता आणि नव्या पाकिस्तानच्या सरकारने त्याला राजकीय कामासाठी तुरुंगात टाकलं. सुटका झाल्यावर १९४९ साली तो मुंबईला आला, जवळजवळ रिकाम्या खिशाने. मुंबईत पुन्हा शिंपीकाम, आणि संध्याकाळी इप्टाची नाटकं. बलराज साहनी, कैफी आज़मी ही मंडळी तिथलीच. सिनेमात येईपर्यंत पन्नाशी आली होती. १९६६चा 'तीसरी कसम' हा सुरुवातीचा चित्रपट. त्यानंतर दोनशेहून अधिक चित्रपट, आणि बहुतेकांत कुणाचा तरी बाप, काका, मास्तर, नोकर. १९७१चा 'गुड्डी', १९७२चा 'बावर्ची', १९७३चे 'अभिमान' आणि 'नमक हराम', १९८२चा 'शौकीन', २००१चा 'लगान'. २००६ साली पद्मभूषण. २६ ऑगस्ट २०१२ रोजी मुंबईत मृत्यू, वय नव्वदीच्या पुढचं.

एवढ्या लांब वाटचालीतून लोकांनी काय ठेवलं? सन्नाट्याबद्दलचा एक प्रश्न. वारले त्या दिवशीच्या श्रद्धांजल्यांतही तोच पुढे होता. चरित्र अभिनेत्याचं नशीबच असं, असं कुणी म्हणेल. ते मला मान्य आहे. आपल्या निळू फुल्यांचं काय झालं? राष्ट्र सेवा दलातून आलेला, सामाजिक कृतज्ञता निधीसाठी डॉ. लागूंबरोबर नाटकांचे प्रयोग करत गावोगाव फिरलेला माणूस, आणि गावातल्या बायाबापड्या त्याला बघून पदर सावरायच्या. लोकांनी त्यांच्यात पाटील-सरपंच पाहिला आणि माणूस पाहायचं राहून गेलं. जगदीप म्हणजे सय्यद इश्तियाक अहमद जाफरी, बालनट म्हणून सुरुवात केलेले, शेकडो चित्रपट करून २०२० साली वारले, तेव्हाही बातम्यांत 'सूरमा भोपाली'च मेला. तेव्हा एकाच भूमिकेत चिणलं जाणं हा काही फक्त हंगलांवरचा अन्याय नाही. पण सूरमा भोपाली लक्षात ठेवल्याने कुणाचं काही बिघडत नाही. इमामसाहेब लक्षात ठेवल्याने बिघडतं. कसं, ते सांगतो.

प्रसंग आठवा. इमामसाहेबांचा मुलगा अहमद. ही भूमिका आपल्या मराठी सचिन पिळगावकरने केली आहे. जबलपूरला विडीच्या कारखान्यात नोकरी आहे, तिकडून चिठ्ठी आली आहे. पोराला जायचं नाही, म्हाताऱ्याला एकटं सोडवत नाही. बाप त्याला पाठवतो. वाटेत तो गब्बरच्या माणसांच्या हाती लागतो. त्याचा खून आपल्याला दिसतही नाही. गब्बरच्या हातावर किडा चढतो, तो चिरडला जातो आणि पुढच्या दृश्यात घोड्यावरून प्रेत गावात येतं. गाव गप्प. आंधळा बाप चाचपडत येतो आणि तो प्रश्न विचारतो. इथवर कोणाच्याही डोळ्यांत पाणी यावं असाच प्रसंग आहे, आणि हंगलांनी तो असा केला आहे की आजही मी चॅनल बदलत नाही.

खरी गोष्ट पुढे आहे आणि ती कुणाला आठवत नाही. प्रेत पाहून गाव बिथरतं. लोक म्हणतात, पुरे झालं, जय आणि वीरूला गब्बरच्या हवाली करा, आमची पोरं मरताहेत. हे बोलणं भेकडपणाचं असेल, पण बिनबुडाचं नाही. मूळ वैर ठाकूरचं आहे, भाडोत्री माणसं ठाकूरने आणली आहेत. त्याच्याशी हिशोब मागण्याचा गावाला हक्क आहे. हा हिशोब थांबवतो कोण? ज्याचं पोर समोर पडलं आहे तो इमाम. तो सांगतो की बापाच्या खांद्यावर मुलाचा जनाजा याहून जड ओझं जगात नाही, मी म्हातारा ते उचलतो, तुमच्याने एवढंही सोसवत नाही का? मग अजान होते. तो मशिदीकडे निघतो आणि जाताना म्हणतो की आज अल्लाला विचारीन, या गावावर कुर्बान व्हायला मला आणखी मुलं का दिली नाहीस?

आणखी मुलं! थिएटरात टाळ्या पडायच्या. मीही वाजवल्या आहेत. आज वाटतं, ज्या बापाचं एकुलतं पोर अजून दफन व्हायचं आहे, त्याच्या तोंडी हे वाक्य घालताना कुणाच्या लेखणीला काही टोचलं नाही? शोक करायलाही त्याला सवड नाही. आधी गावाची खात्री पटवायची की माझ्या मनात किंतु नाही. आधी सांगायचं की एक गेला, आणखी असते तर तेही दिले असते. मुसलमान बापाच्या दुःखाला या देशात बिनशर्त प्रवेश नाही. दारात पावती दाखवावी लागते.

इथे माझे काही वाचक चिडतील, आणि त्यांचं म्हणणं मी आधीच मांडतो, कारण ते अगदी खोटं नाही. ते म्हणतील, त्या सिनेमात ठाकूरचंही सगळं कुटुंब मारलं गेलं आहे, विधवा सून घरात बसली आहे. दुःख काय एकट्या इमामाला दिलंय? शिवाय अख्खं गाव ज्याचा शब्द मानतं तो मुसलमान आहे, ही काय लहान गोष्ट झाली? १९७५च्या आधी आपण पडद्यावर होतो तरी कुठे? नवाबाच्या हवेलीत, कोठ्यावर, नाहीतर कव्वालीत. एक साधा, गावातला, गरीब मुसलमान पहिल्यांदा इतक्या मोठ्या चित्रपटात दिसला आणि तुम्ही त्याच्यावरच उठलात? आणि लिहिणारे कोण होते? सलीम-जावेद. आपलेच ना?

आपलेच. म्हणूनच बोलतो आहे. 'शोले' आणि 'दीवार' एकाच वर्षीचे, एकाच जोडीचे. 'दीवार'मध्येही एक रहीमचाचा आहे, युनूस परवेझ यांनी केलेला, गोदीतला म्हातारा हमाल. बिल्ल्यावरच्या ७८६ या आकड्याचं माहात्म्य तोच नायकाला सांगतो. त्याचंही काम एवढंच, नायकाला बरकत देणं. आणि गंमत बघा, त्याच 'दीवार'मध्ये हंगलही आहेत. तिथे ते गरीब शिक्षक आहेत. त्यांच्या मुलाने भुकेपोटी पाव चोरलेला असतो आणि पोलीस अधिकारी असलेल्या नायकाच्या भावाची गोळी त्याला लागते. एकाच वर्षात, एकाच लेखकांनी, एकाच नटाला दोनदा मुलाचा बाप केलं. 'दीवार'मधला बापही कायद्याची बाजू घेतो, पण त्या घरात त्याची बायको आहे, आणि ती शशी कपूरच्या तोंडावर संतापून बोलते. राग कुणीतरी व्यक्त करतं. रामगढच्या इमामाच्या घरात रागावणारं कुणी ठेवलेलंच नाही. बायको नाही, लेक नाही, शेजारीण नाही. एक आंधळा बाप आणि एक मरणारा मुलगा. राग करू शकेल असं माणूस त्या घरातून लेखकांनी अगोदरच हलवलं आहे.

सलीम-जावेदना मी दोष देत नाही, असं म्हणणार होतो. पण देतो. त्यांना धंदा कळत होता. बहुसंख्य प्रेक्षकाला कुठला मुसलमान पचेल हे त्यांना चांगलं ठाऊक होतं. म्हातारा, आंधळा, गरीब, नमाजी, निपुत्रिक. त्याच्याकडून कुणाला भय नाही. तो नोकरीत वाटा मागत नाही, घर भाड्याने मागत नाही, मत मागत नाही. आणि तरुण मुसलमान? त्याच्या वाट्याला विडीचा कारखाना, तोही पोहोचू दिला नाही. २००६ साली सच्चर समितीने सांगितलं की तंबाखू आणि कपड्यांच्या धंद्यांत मुसलमान कामगारांचं प्रमाण फार मोठं आहे, तेव्हा सगळ्यांनी भुवया उंचावल्या. 'शोले'ने ते एकतीस वर्षं आधीच सांगून ठेवलं होतं, पण सगळ्यांचं लक्ष अमिताभच्या नाण्याकडे होतं.

तो अहमद मेला नसता तर? मोठा झाला असता, दाढी ठेवली असती, तर पुढच्या पंधरा-वीस वर्षांत हिंदी सिनेमाने त्याच्या हातात बॉम्ब दिला असता. १९९२च्या 'रोजा'पासून पडद्यावर आपली तरुण पोरं कुठल्या रूपात येतात ते मी सांगायला नको. लोक म्हणतात, पूर्वीचा सिनेमा बरा होता, तेव्हा चांगला मुसलमान दाखवायचे. मला हे म्हणणं कधीच पटलं नाही. मुलगा मेला तर बाप फरिश्ता, मुलगा जगला तर अतिरेकी. एकाच मोजपट्टीने घेतलेली ही मापं आहेत.

आता हंगलांकडे परत येतो, कारण माझी सगळी तक्रार त्यांच्याच आयुष्यात जिवंत उभी राहिली आणि ती आपण विसरून गेलो.

१९९३ हे साल मी विसरू शकत नाही. त्या वर्षीच आम्ही मध्य मुंबईतली अब्बांची खोली सोडून नालासोपाऱ्याला आलो. तेव्हा इथे ठाणे जिल्हा होता, महानगरपालिका नव्हती, पाणी टँकरचं. चाळीच्या मालकाने नाव विचारलं, मग आणखी एकदा विचारलं, आणि डिपॉझिट वाढवून घेतलं. अब्बांनी शिलाई मशीन टेम्पोतून आणलं ते चादरीत गुंडाळून, जणू आजारी माणूस. गेल्या दोन महिन्यांत मुंबईत काय झालं ते श्रीकृष्ण आयोगाने पुढे लिहून ठेवलं आहे: ९०० मेले, त्यांत ५७५ मुसलमान, २७५ हिंदू. किती बापांनी किती जनाजे उचलले, आणि किती जणांना तेही मिळालं नाही. त्यांतल्या कुणी म्हटल्याचं माझ्या ऐकण्यात नाही की अल्लाने आणखी मुलं द्यायला हवी होती. आमच्या चाळीतल्या एका बाईने तर दोन वर्षं कुणाशीच शब्द काढला नाही.

त्याच १९९३ मध्ये हंगलांना आपलं जन्मगाव बघावंसं वाटलं. म्हाताऱ्या माणसाला वाटतं असं. व्हिसासाठी अर्ज केला, पाकिस्तानी वकिलातीने एका राष्ट्रीय समारंभाचं आमंत्रण दिलं, ते गेले. बस्स, एवढंच. शिवसेनेने त्यांच्यावर बहिष्कार पुकारला. देशद्रोही ठरवलं. पुतळे जाळले गेले. चित्रपटांतून त्यांची दृश्यं कापली गेली. सुमारे दोन वर्षं त्यांना काम मिळालं नाही. हा माणूस इंग्रजांविरुद्धच्या चळवळीतला, पाकिस्तानच्या तुरुंगात बसून आलेला, जन्माने काश्मिरी पंडित. पाकिस्तानने ज्याला कम्युनिस्ट म्हणून आत टाकलं, त्याला आपण पाकिस्तानचा हस्तक म्हणालो. ज्या प्रेक्षकांनी त्याच्या अहमदसाठी अश्रू ढाळले, त्यांच्यातलेच काही त्याच्या फोटोला चपला मारत होते.

इमामाच्या भूमिकेची खरी अट काय आहे ते त्या दिवशी उघड झालं. प्रेम इमामावर नव्हतंच. प्रेम होतं त्याच्या गप्प बसण्यावर. त्याने स्वतःसाठी काहीही मागायचं नाही, हे त्या प्रेमाचं कलम पहिलं. जन्मलेलं घर बघावंसं वाटतं, एवढी छोटी गोष्ट मागितली आणि नट हिंदू असूनही त्याला मुसलमानाची शिक्षा झाली. हिंदी सिनेमाच्या इतिहासात पडद्यावरच्या भूमिकेने नटाचा असा ताबा घेतल्याचं दुसरं उदाहरण मला सापडत नाही. आणि तेव्हा उद्योगातल्या बड्या मंडळींनी काय केलं, हे विचारू नका. सन्नाटा.

आपण काय केलं? हे मात्र विचारलंच पाहिजे. मी त्या वर्षी तीस वर्षांचा होतो, उर्दू-मराठी दोन्ही पेपर वाचत होतो, मोहल्ल्यातल्या बैठकांना जात होतो. एकाही बैठकीत हंगलांच्या बाजूने ठराव झाल्याचं मला आठवत नाही. आम्हाला स्वतःचीच पडली होती, हे खरं. पण कारण एवढंच नव्हतं. आम्हाला भीती वाटली की पाकिस्तानचं नाव आलेल्या प्रकरणात तोंड घातलं तर आमच्याही गळ्यात पाटी येईल. म्हणजे आमच्यासाठी ज्याने पडद्यावर मुलगा दिला असं आम्ही अभिमानाने सांगत होतो, त्याच्यावर वेळ आली तेव्हा आम्ही गावकऱ्यांसारखे घोड्याभोवती मुकाट उभे राहिलो. आणि चार वर्षांनी, स्वातंत्र्याच्या पन्नाशीत, त्याच बैठकांतून पुन्हा इमामसाहेबांचे दाखले द्यायला लागलो.

आमच्या वसईलाच याचं शिक्षण लहानपणापासून मिळतं. माझा मुलगा सहावीत असताना शाळेच्या स्नेहसंमेलनात 'शोले'चा प्रवेश बसवायचा ठरला. वर्गात मुसलमान मुलगा एकच. त्याला इमामाचं काम मिळालं, हे सांगायला नकोच. तो घरी येऊन रडला. त्याला गब्बर व्हायचं होतं. मी शाळेत गेलो. बाई चांगल्या होत्या, मनापासून म्हणाल्या, "अहो, त्याला किती शोभेल ते! एकात्मतेचा संदेश पण जाईल." मी म्हटलं, "बाई, गब्बर करणारा अमजद खान मुसलमान होता आणि इमाम करणारे हंगल पंडित होते." बाई हसल्या. त्यांना वाटलं मी विनोद करतो आहे. शेवटी मुलाने इमाम केला, कापसाची दाढी लावून, आणि टाळ्या सगळ्यांत जास्त त्यालाच पडल्या. संमेलनानंतर एका पालकाने त्याचा गाल ओढून म्हटलं, "असे मुसलमान हवेत." तो अकरा वर्षांचा होता. आज तो तीस वर्षांचा आहे, मालाडला नोकरी करतो, आणि ते वाक्य त्याला जसंच्या तसं पाठ आहे.

'शोले'चंच उदाहरण धरायचं तर मी त्या बाईंना सांगितलं ते धरा. डाकू अमजद खान, पठाण घरातला. इमाम हंगल, पंडित घरातले. अहमद सचिन, मराठी. ज्याला जे जमलं ते त्याने केलं, कुणी कुणाला 'शोभेल' असं म्हणून काम दिलं नाही. त्या सेटवर जे घडलं ते त्या कथेत घडत नाही. कथेत प्रत्येकाची जागा जन्माने ठरलेली आहे.

हंगलांच्या दोन भूमिका मात्र आपण उचलायला हव्या होत्या, आणि त्या आपल्या कुठल्याच भाषणात येत नाहीत. एक 'नमक हराम'मधली. हृषीकेश मुखर्जींच्या त्या चित्रपटात ते कामगार पुढारी आहेत, बिपिनलाल पांडे. ताठ म्हातारा, मालकाच्या मुलासमोर न वाकणारा, आणि मग डावपेचाने बाजूला सारला जाणारा. ही भूमिका करायला हंगलांना फार लांब जावं लागलं नसेल. कराचीतले दिवस आठवले असतील. हा म्हातारा मागतो. तो कामगारांसाठी पैसे मागतो आणि त्याला त्याची लाज वाटत नाही. आपल्या मोहल्ल्यातल्या पॉवरलूमवाल्यांना, जरीवाल्यांना, बेकरीतल्या पोरांना दाखवायचा तर हा म्हातारा दाखवा.

दुसरी 'गर्म हवा'मधली. एम. एस. सथ्यूंचा चित्रपट, कथा इस्मत चुगताईंची, पटकथा कैफी आज़मी आणि शमा ज़ैदी यांची. बलराज साहनींचा सलीम मिर्झा हा आग्र्याचा चपलांचा कारखानदार. भाऊ गेला, जावई म्हणून पाहिलेली पोरं गेली, हवेली गेली, बँक कर्ज देत नाही, भाड्याने घर मिळत नाही. डबिंग संपवून साहनी लगेच वारले, चित्रपट त्यांनी पाहिला नाही. या चित्रपटात हंगल अजमानी आहेत, सिंधमधून सगळं गमावून आलेला व्यापारी, ज्याच्याकडे मिर्झांची हवेली जाते. पटकथेने इथे अजमानीला सहज खलनायक केलं असतं. केलं नाही. घर गमावलेल्या माणसाला घर गमावणारा माणूस कळतो, एवढंच त्याच्या चेहऱ्यावर असतं. कराचीहून आलेल्या नटाने कराचीकडून आलेल्या निर्वासिताचं काम केलं. आणि समोरचा मिर्झा पाहा. तो रागावतो, थकतो, चुकतो, एकदा तर टांगा करून स्टेशनाकडेही निघतो. त्याला कुणाला पावती द्यायची नाही. मुसलमान बाप पडद्यावर दाखवायचा असेल तर तो असा. दाखला द्यायचा तर याचा द्या. पण नाही, 'गर्म हवा'चं नाव घेतलं की सभेत अवघडल्यासारखं होतं. कारण तिथे भाड्याच्या घराची गोष्ट आहे. आणि भाड्याच्या घराची गोष्ट निघाली की वसई-विरारमध्ये उद्या सकाळी कुणाला तरी उत्तर द्यावं लागेल.

१९९० साली सोलापूरला मुस्लिम मराठी साहित्याचं पहिलं संमेलन भरलं ते कशासाठी? आपली माणसं आपण लिहावीत म्हणून. पण आपल्या कथा-कवितांतही मी अजून तो इमाम भेटताना पाहतो. पांढरी दाढी, शेजारच्या हिंदू मुलीच्या लग्नात पाठीवरून हात फिरवणारा, दंगलीत मरणारा, मरताना माफ करणारा. दर दिवाळी अंकात एक तरी. संपादक खूश, वाचक खूश. मीही अशा दोन कथा लिहिल्या आहेत, नावं सांगत नाही. माफ न करणारी म्हातारी आपल्याकडे कुणी लिहिली? भाडेकरार हातात घेऊन चाळमालकाशी भांडणारा मास्तर कुणी लिहिला? अरब मुसाफिरांनी हजार वर्षांपूर्वी ज्याचं नाव नोंदवलं त्या सोपाऱ्यात राहून आम्ही आजही पाहुण्यासारखे लिहितो.

डब्यातल्या मित्रांना मी गेल्या महिन्यात हे सगळं सांगितलं. भाईंदर ते अंधेरी तेवढा वेळ मिळाला. एक जण म्हणाला, "अरे, एवढं मनावर घेतोस? गंमत आहे रे." दुसरा, जो सहसा बोलत नाही, त्याने विचारलं, "ते त्र्याण्णव सालचं खरंच झालं होतं?" मी म्हटलं, हो. तो खिडकीबाहेर बघत राहिला. त्याच्या घरी त्या वर्षी काय झालं होतं, ते मला माहीत आहे. आम्ही ते कधी बोललेलो नाही.

२०१२च्या ऑगस्टमध्ये हंगलांची बातमी आली, तेव्हा अब्बा हयात होते. मी पेपर वाचून दाखवला. हंगल मुसलमान नव्हते, हे त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. मग सांगितलं की ते शिंपी होते. अब्बा उठून बसले.

"जेंट्स की लेडीज?"

"जेंट्स. इंग्रजी पद्धतीचे सूट."

"सूटचा खांदा बसवणं सोपं नाही," ते म्हणाले. मग थोड्या वेळाने, "आणि कराचीत ते कामगारांचं काम करायचे म्हणतोस?"

"हो. त्यासाठीच तुरुंगात गेले."

अब्बांनी पन्नास वर्षं पीस रेटवर काम केलं होतं. दुसऱ्यांच्या दुकानांत, रमजानच्या शेवटच्या दहा रात्री जागून. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला आणि पेपरातला तो फोटो बराच वेळ जवळ धरून पाहिला.

"आमच्याकडे कुणी असला आलाच नाही," म्हणाले.